चिमणाबाईंना फोन

बंदी चुकवून मुली शाळेच्या कॉम्प्युटरवर खेळ उघडतात, हे सरांनी पकडलं.

"फुकटचे खेळ महागात पडतात. घरी नको नको ते फोन यायला लागले की डोळे उघडतील."

"आईला कालच आला, सर," पहिल्या बाकावरची म्हणाली. "चिमणाबाई ढेरपोटे आहेत का, म्हणून विचारत होते."

"ही कोण?"

"मीच. ओटीपी लागतो म्हणून आईचा नंबर खरा देते, पण नाव दर खेळाला वेगळं. फोन आला की लगेच कळतं, नंबर कुणी विकला."

सरांनी खडू उचलला. "शाबास. चिमणाबाई कुठल्या खेळातली, सांग. आजच बंद करतो."

"तुम्ही गृहपाठाला दिलाय ना, सर, पाढ्यांचा. त्यातली."