खांबातला तांगारोआ

माउके बेटावरच्या चर्चमध्ये पाद्रीबाबा ज्या जाडजूड खांबावर बायबल ठेवून उपदेश करतात, त्याच्या पोटात तांगारोआ उभा आहे, हे एकट्या तुआइने आजीला ठाऊक होतं. पहिल्या गोऱ्या पाद्र्यानं बेटावरचे सगळे देव जाळायला लावले, तेव्हा तिच्या खापरपणजीनं समुद्राच्या या देवाला गुपचूप पोकळ खांबात लपवलं आणि वरून चुना फासला. तेव्हापासून त्या घरातल्या बायका खांबाला डोकं टेकवत आल्या आणि एकामागून एक पाद्री त्यांच्या भक्तीवर खूश होत गेले.

नात मोएरोआ ऑकलंडहून आली, ती दंडावर तांगारोआ गोंदवूनच. मग आजीला राहवेना. रविवारची प्रार्थना आटोपून लोक जेवायला पांगले, तशी तिनं नातीला खांबापाशी नेलं आणि सगळं सांगून टाकलं.

मोएरोआच्या डोळ्यांत पाणी आलं. ती तडक जाऊन पहार घेऊन आली.

"आजी, पुरे झाली याची कैद. आत्ताच बाहेर काढू."

"आत्ता नको गं. उद्या काढू."

"का?"

"आज रविवार. रविवारी काम केलेलं त्याला खपायचं नाही."

"अगं, तो नियम गोऱ्यांचा. याच्या काळात रविवार तरी होता का?"

"नव्हता ना," आजीनं डोक्यावरची चर्चची टोपी नीट केली. "पण पाच पिढ्या उपदेश ऐकतोय तो, आणि तोही उभ्यानं. तुझ्या आजोबासारखा मागच्या बाकावर घोरत नव्हता."