मौनवार

"मुकुंद आला का गं?" आईने पुन्हा विचारलं.

"येईल," कुंदा म्हणाली. आई सगळं विसरली होती. मुलाविषयीचा एवढा एकच प्रश्न उरला होता, दिवसभर तोच.

तेवढ्यात सरकारी भोंगा वाजला आणि देशातल्या प्रत्येकाच्या गळ्यात बसवलेल्या चकतीने दिवसभरासाठी आवाज बंद केला. लोक या कायद्याला शिव्या घालत. कुंदाला मात्र आठवड्यातून तेवढाच विसावा होता.

दुपारी ती भात भरवत असताना आईचे ओठ हलले, पण नेहमीसारखे नाहीत. कुंदाला आता ओठ वाचता येत होते.

"कुंदे, दमलीस गं."

कुंदाने तोंड उघडलं. आवाज फुटला नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी आवाज सुटल्याचा भोंगा होताच ती आईपाशी धावली. "आई, काल काय म्हणालीस? पुन्हा म्हण ना."

"मुकुंद आला का गं?"