नाखव्याच्या बंगल्यातल्या वहाणा

"ही इमारत गॉथिक शैलीतली आहे," हर्षद पाहुण्यांना सांगत होता. हॉटेलचा हा मॅनेजर रोज चहाच्या वेळी खाडीकडच्या दारात उभा राहून बंगल्याचा इतिहास सांगे, आणि झकास सांगे. टोकदार कमानी, रंगीत काचा, छपरावरचे सुळके. सुलेमान नाखव्याने मुंबईत कुठेतरी असलं काही पाहिलं आणि इथे भाट्याच्या खाडीकाठी हुबेहूब उभं केलं. पाच वेळा नमाज पढणाऱ्या माणसाचं घर, पण गाव त्याला नाखव्याचं चर्च म्हणे. पाहुणे हसले.

फातिमा हसली नाही. सुलेमान नाखवा तिचे पणजोबा. बंगला तिनेच विकला होता आणि आता मुलाच्या हट्टापायी त्याच बंगल्यात पाहुणी म्हणून उतरली होती. मुलगा झैन आणि त्याची छोटी लेक तूबा हॉटेलच्या होडीतून फेरफटका मारायला गेली होती.

गलबतावर जाणारा माणूस आपल्या वहाणा या दारात सोडून अनवाणी निघायचा, हर्षद सांगत होता. हॉटेलने ती प्रथा पुन्हा सुरू केली होती. होडीत बसणाऱ्यांनी चपला इथेच काढायच्या, नोकरांनी त्या खाडीकडे टोकं करून लावायच्या. माळ्यावर सापडलेल्या, त्या काळच्या कातडी वहाणाही शोभेसाठी त्याच ओळीत मांडल्या होत्या. पुरावा म्हणून त्याने भिंतीवरचा जुना फोटो दाखवला. हेच दार, ह्याच वहाणा, आणि साऱ्यांची टोकं पाण्याकडे.

फातिमा उठली. कप कलंडला, तिकडे तिचं लक्ष नव्हतं. ओळीच्या शेवटी झैनचे बूट होते, शेजारी तूबाच्या गुलाबी चपला. त्यांचीही टोकं पाण्याकडे होती.

"ह्या कोणी फिरवल्यान?"

हर्षदने पुन्हा फोटोकडे बोट केलं.

"टोकं घराकडे ठेवतात, बाबा. माणूस परत यावा म्हणून." तिनेही फोटोकडे बोट केलं. "ह्या वहाणा ज्यांच्या, त्यांचं गलबत बुडालं होतं. वर्षभर वाट बघितली आणि मग घरच्यांनी आपल्या हातांनी वहाणा फिरवल्या. आता येऊ नका, असं सांगायला."

हर्षद सभ्य माणूस होता. उद्यापासून बदल करू मॅडम, म्हणाला.

फातिमाने खाडीकडे पाहिलं. होडी कुठेच दिसत नव्हती. फेरफटका एवढा लांबतो का, ते विचारायचंही तिला सुचलं नाही. आयुष्यात इतकी भीती तिला कधी वाटली नव्हती. ती खाली बसली आणि वहाणा फिरवत सुटली. आधी तूबाच्या, मग झैनचे बूट, मग हाताला येईल ते. कुणाचं काय, हे न बघता तिने सगळी ओळ घराकडे केली. एका पाहुण्याने मोबाइल काढून तिचा व्हिडिओ घेतला.

आणि वळणावर होडी दिसली. झैन हात हलवत होता. फातिमा भर लोकांत रडली. होडी पायऱ्यांना लागताच तिने तूबाला उचलून छातीशी घेतलं. झैन हसत, आईची समजूत काढत वर आला.

होडीवाला भागोजी मात्र घामाने निथळत होता. दोर बांधून तो पायरीवर उतरला आणि होडीकडे बघत राहिला.

"जाताना हलकी होती ओ," तो म्हणाला. "येताना खाडीच्या तोंडाशी वळवली नि एकदम जड झाली. आत तर काय नाय. पाणी पण नाय."

रिकामी होडी अजून काठापर्यंत पाण्यात बसलेली होती.

फातिमाने होडीकडे पाहिलं. मग त्या जुन्या वहाणांकडे. आपल्या हातून काय झालं, ते तिला कळलं.

होडी पायरीच्या बाजूला किंचित कलली आणि बोटभर वर आली. पुन्हा कलली, पुन्हा वर आली. माणसं एकेक करून उतरावीत तशी.

कडेवरून उतरलेली तूबा दारातच उभी होती. फातिमाने तिला हाताला धरून बाजूला घेतलं, घरातल्या वडीलधाऱ्यांसमोर घेतात तशी ओढणी डोक्यावरून पुढे ओढली, आणि वाट मोकळी करून दिली.