गाजलेली शांतता

नायकाची आई मरते त्या प्रसंगाला संगीत देता देता संगीतकाराचा पेटीवरच डोळा लागला, आणि तेवढा प्रसंग मुकाच राहून सिनेमा थिएटरात लागला. आता दिग्दर्शक सालटं काढणार म्हणून स्वारी फोन बंद करून घरात दडून बसली. तर कसलं काय! 'मौनाचा इतका धीट वापर आजवर कुणी केला नाही,' म्हणत परीक्षकांनी त्यालाच वर्षाचा पुरस्कार दिला.

"एवढं घोरून मौनाचं बक्षीस?" बायकोने कपाळावर हात मारला.

दुसऱ्याच दिवशी एक निर्माता पुष्पगुच्छ घेऊन दारात हजर.



"आमच्या सिनेमालाही अगदी तसंच मौन द्या," तो म्हणाला, "फक्त जरा उडत्या चालीचं!"