टाकीची मुलाखत

माझी बायको गेल्याचं वस्तीत कळलं, त्या दिवशी पहिला हार नगरसेवकांनी आणला. तिनं तीस वर्षं अशाच पुढाऱ्यांवर माहितीपट काढले होते, म्हणून मला नवल वाटलं.

हार घालून ते माझ्या कानाशी लागले. “काका, मागच्या आठवड्यात काकींच्या कॅमेऱ्यासमोर बोलून गेलो, पाण्याची टाकी फक्त उद्घाटनापुरती भरली म्हणून. तेवढं पुसा ना.”

“वस्तीत पाणी आलं की पुसतो,” मी म्हणालो.

तेराव्याला नळ धो धो वाहिले. स्वयंपाकासाठी बोलावलेला टँकर मी परत पाठवला.

पुसायचं काही नव्हतंच. तिचे हात थरथरायचे, म्हणून त्या मुलाखतीला कॅमेरा मी धरला होता आणि रेकॉर्डिंगचं बटण दाबायलाच विसरलो होतो. ती ओरडेल म्हणून गप्प बसलो. तिला सांगायचं राहूनच गेलं.