हप्ता तेवढाच

निवृत्त झाल्यावर दुसऱ्याच आठवड्यात वेल्डरकाका मुलीला घेऊन बँकेत गेले. घराचं कर्ज फिटतच आलं असणार, आता कागद ताब्यात घ्यायचे, एवढंच त्यांच्या डोक्यात होतं.

"व्याजदर कितीदा वाढले, पण मी हप्ता एका पैशानेही वाढू दिला नाही," ते ऐटीत म्हणाले.

मॅनेजरबाईंनी संगणकाचा पडदा त्यांच्याकडे वळवला. "काका, हप्ता तेवढाच राहिला, कारण दर वेळी मुदत वाढत गेली. भरलेलं बरंचसं व्याजातच गेलं. अजून अकरा वर्षं आहेत."

काकांचा चेहरा खर्रकन उतरला. "अहो, पण मी तर आता घरी बसलो! भरू कुठून?"

"घरातलं कमावतं कोणी सोबत सही करणार असेल, तर मार्ग निघेल."

काका मान वर करेनात. शाळेत शिकवणाऱ्या मुलीनेच टेबलावरचं पेन उचललं. "बाबा, त्यात काय एवढं! माझा पगार आहे ना."

बाहेर आल्यावर त्यांना बाकावर बसवून ती जरा लांब गेली आणि तिने मुख्याध्यापिकांना फोन लावला.

"मॅडम, पुढे शिकायला जाते म्हणून सकाळी राजीनामा दिला होता ना... तो मला परत द्याल का?"