नावामागचा श्वास

“आजी, श्वास घेऊ नका हो!” रेकॉर्डिंगवाला काचेपलीकडून ओरडला. आपण काय बोलून बसलो हे कळल्यावर त्याने कपाळावर हात मारून घेतला. “म्हणजे घ्या, पण माइकवर नको. आवाज येतो.”

“मग बोलू कशानं?” आजी म्हणाली.

हा अकरावा टेक. सकाळपासून नुसता वैताग. परवा संग्रहालयाचं नवं दालन उघडायचं होतं आणि दारावरची पाटीसुद्धा तयार होती: ‘एक लुप्त प्राचीन भाषा’. श्वास, आवाज आणि हातवारे, तिन्ही मिळून बोलायची भाषा. पाटी वाचून आजी आल्या आल्याच बिथरली होती. “लुप्त म्हणे! मी काय मेलेय?” पण खरं सांगायचं तर बोलणारी ती एकटीच उरली होती. सोबत आलेल्या तिच्या मुलीला ती भाषा समजायची, बोलता यायची नाही.

आधी हातांनी छळलं. आजी दर शब्दाला हात फिरवायची आणि माइकचा स्टँड आडवा करायची. हात मांडीवर ठेवा म्हटलं, की तोंडही बंद. शेवटी त्याने माइक वरून टांगला. हातवाऱ्यांचं शूटिंग काल उरकलं होतं, तेवढंच नशीब. मग राहिले श्वास. शब्दाआधी सूं, शब्दानंतर हूं. यापेक्षा लोहाराचा भाता परवडला! संग्रहालयाच्या बाईंनी भाषेची माहिती म्हणून चार पानं पाठवली होती. ती त्याने उघडूनही पाहिली नव्हती. वीस वर्षं आवाजात घालवलेल्या माणसाला कागद काय शिकवणार?

आणि आजी म्हणत होती काय, तर एक हाक. लांब गेलेल्या माणसाला घरी बोलवायची जुनी हाक. तिच्यात नाव घालावं लागतं, आणि आजीने मुलाचं घातलं होतं. मुलगा एकोणीस वर्षांपूर्वी जहाजावर गेला, तो परत आला नव्हता. “हे कुठं कुठं वाजवणार ना तुम्ही? त्याच्या कानावर पडेल. आई अजून वाट बघतेय हे त्याला कळायला नको?” एवढ्यासाठी ती आली होती, नाहीतर तिने संग्रहालयाची पायरीही चढली नसती.

“आई, किती वेळा तेच नाव घेशील? पुरे कर ना आता!” मुलगी मधेच खेकसली. रेकॉर्डिंगवाल्याला बरं वाटलं. निदान एक तरी शहाणं माणूस आहे बरोबर.

आजी पाणी प्यायला बाहेर गेली, तसा तो कामाला लागला. “ताई, हे सूं-हूं सगळं कापतो. चालेल ना?”

मुलगी पडद्यावरच्या रेघांकडे बघत राहिली. “नावामागचाही?”

“सगळेच. एक ठेवला तर कसं दिसेल?”

तिने पडद्यावरच्या एका रेघेवर बोट ठेवलं. हिला आता काय झालं? त्याला घरी जायचं होतं, सकाळपासून पोटात काही नव्हतं. “बोला ना पटकन!”

“कापा,” ती म्हणाली.

अर्ध्या तासात हाक लख्ख झाली. आजी परत आली, तेव्हा त्याने मोठ्या ऐटीत तिच्या कानांवर हेडफोन चढवले. आजी ऐकायला लागली. नाव आलं आणि तिचा चेहरा उतरला.

“परत लाव.”

त्याने लावलं.

“परत.”

“आता काय राहिलं, आजी?” तो जवळजवळ रडकुंडीला आला.

आजीने हेडफोन काढून टेबलावर ठेवले. “तुला कोणी कळवलं?”

“काय?”

“माझा मुलगा गेल्याचं. जिवंत माणसाचं नाव आम्ही श्वासासकट घेतो. गेलेल्याचं बिनश्वासाचं. एकोणीस वर्षांत मी एकदाही त्याचं नाव असं घेतलेलं नाही. मग माझ्याच आवाजात हे आलं कुठून?”

रेकॉर्डिंगवाल्याला दरदरून घाम फुटला. “अहो, गेलाबिला काही नाही! श्वास मीच कापले. आमची कामाची सवय आहे ती. चुकलो, आजी. पाच मिनिटांत जोडून देतो!” तो मुलीकडे वळला आणि भडकलाच. “ताई, तुम्हाला तर सगळं समजत होतं! मग कापा कशाला म्हणालात? आता सांगा त्यांना, ही चूक आहे म्हणून!”

“जोडू नका,” मुलगी म्हणाली. ती आईच्या पायांशी खाली बसली आणि तिचे दोन्ही हात तिने घट्ट धरले.

“आई, पत्र येऊन सहा वर्षं झाली. माझ्या तोंडून निघेना गं.”